समलिंगी गुप्तहेरांच्या रहस्यकादंबऱ्या : प्रथमच वाचणाऱ्यांसाठी मार्गदर्शन

डेव्ह ब्रँडस्टेटर हा लॉस एंजेलिसमधील एका आयुर्विमा कंपनीचा तपासनीस आहे. एखाद्या विमेदाराचा मृत्यू संशयास्पद वाटला की कंपनी दाव्याची रक्कम रोखून धरते आणि खरोखर काय घडले हे शोधायला त्याला पाठवते. जोसेफ हॅन्सन यांच्या ‘फेडआउट’ या १९७० सालच्या कादंबरीत तो वाचकांसमोर प्रथम आला. त्या वेळी त्याचा अनेक वर्षांचा जोडीदार रॉड कर्करोगाने नुकताच गेलेला असतो आणि ते दुःख पोटात ठेवूनच डेव्ह कामाला लागलेला असतो. ही गोष्ट ज्या कॅलिफोर्नियात घडते तेथे दोन प्रौढ पुरुषांमधील परस्परसंमतीचा शरीरसंबंध तेव्हा गुन्हा होता. तो कायदा १९७५ साली बदलला आणि बदल १९७६ च्या जानेवारीपासून अंमलात आला. म्हणजे इतरांचे गुन्हे शोधणारा हा माणूस स्वतःच्या घरी, कायद्याच्या नजरेत, वर्षानुवर्षे गुन्हेगारच होता.

समलिंगी गुप्तहेरांच्या रहस्यकादंबऱ्या वाचायला घेणाऱ्याने ही गोष्ट सर्वांत आधी लक्षात घ्यावी, असे मला मनापासून वाटते. एरवीच्या रहस्यकथेत जो काही लपवतो तो संशयित ठरतो. या कादंबऱ्यांत मात्र जवळजवळ प्रत्येक जण काही ना काही लपवत असतो आणि त्यांपैकी बहुतेकांनी कोणाच्याही केसाला धक्का लावलेला नसतो. कोणते लपवणे खुन्याचे आणि कोणते केवळ नोकरी, घर आणि अब्रू सांभाळून जगता यावे एवढ्यासाठीचे, हा भेद करता आल्याखेरीज तपास पुढे सरकत नाही. आणि तो भेद करण्याची नजर शोधकाकडे असते, कारण त्यानेही कधी ना कधी असेच दिवस काढलेले असतात. या साहित्यप्रकाराचे खरे बळ येथे आहे. पुढील पायऱ्या ही नजर वाचकालाही यावी अशा बेताने लावल्या आहेत. येथे सांगितलेली पुस्तके इंग्रजीतून वाचायची आहेत, हे गृहीत धरले आहे.

पहिली पायरी : पुस्तकाचे वर्ष आधी पाहावे

पुस्तक हाती आले की शीर्षकपानाच्या मागील पानावर मूळ प्रकाशनाचे वर्ष शोधावे आणि कथा कोणत्या साली घडते हेही पहिल्या दोन प्रकरणांत हेरून ठेवावे. ही दोन वर्षे वेगळी असू शकतात आणि त्या फरकाला अर्थ असतो. त्यानंतर त्या साली, त्या ठिकाणी कायदा काय म्हणत होता हे आठवावे, कारण पात्रे पोलिसांना घाबरतात की नाही, डॉक्टरांना खरे सांगतात की नाही, ब्लॅकमेल करणाऱ्याला मुकाट्याने पैसे देतात की नाही, हे सारे त्यावरच ठरते.

थोड्या तारखा पाठ असल्या तर पुष्कळ काम होते. इंग्लंडमध्ये समलिंगी संबंध गुन्ह्यातून वगळावेत अशी शिफारस करणारा वुल्फेंडन समितीचा अहवाल १९५७ साली आला, परंतु प्रत्यक्ष कायदा १९६७ साली बदलला आणि तोही इंग्लंड व वेल्सपुरताच. स्कॉटलंडला १९८० पर्यंत व उत्तर आयर्लंडला १९८२ पर्यंत थांबावे लागले. अमेरिकेत प्रत्येक राज्याचा कायदा निराळा होता. न्यूयॉर्कच्या स्टोनवॉल या समलिंगींच्या बारवरील पोलिसांचा छापा आणि त्यानंतरचा उठाव १९६९ च्या जूनमधला. अमेरिकी मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेने समलैंगिकतेला आजारांच्या यादीतून १९७३ च्या डिसेंबरात वगळले. एड्सची पहिली वैद्यकीय नोंद १९८१ च्या जूनमध्ये प्रसिद्ध झाली, आणि त्यानंतरच्या पंधरा वर्षांत लिहिलेल्या कादंबऱ्यांत मृत्यू या शब्दाचे वजनच बदलून गेले.

भारतीय वाचकाला ही पायरी चढणे इतरांपेक्षा सोपे जावे. भारतीय दंडसंहितेतील कलम ३७७ हे १८६० साली इंग्रजांनीच घातलेले. त्यांनी आपल्या देशातला कायदा १९६७ साली सैल केला; आपल्याकडे दिल्ली उच्च न्यायालयाने २००९ साली दिलेला दिलासा २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने काढून घेतला आणि परस्परसंमतीचे संबंध गुन्ह्यातून कायमचे बाहेर पडले ते ६ सप्टेंबर २०१८ रोजी. तेव्हा १९५० च्या दशकातल्या लंडनमधील एखादे पात्र दारावरची थाप ऐकून का दचकते, हे समजून घ्यायला आपल्याला फार मागे जावे लागत नाही.

दुसरी पायरी : ‘फेडआउट’पासून प्रारंभ करावा

काळाच्या हिशेबाने हे पहिले पुस्तक नव्हे. तरीही नव्या वाचकाने येथूनच निघावे, कारण समलिंगी असणे ही गोष्ट शोधकाच्या बाबतीत रहस्यही नाही, विकृतीही नाही आणि विनोदही नाही, असे ठामपणे मांडून त्याभोवती सकस रहस्यकथा रचण्याचे काम हॅन्सन यांनी येथे केले. हॅन्सन यांचा जन्म १९२३ सालचा. साठच्या दशकात त्यांनी जेम्स कोल्टन या टोपणनावाने लेखन केले, समलिंगी वाचकांसाठीच्या मासिकांत काम केले आणि १९६५ साली ‘टँजंट्स’ हे मासिक सुरू करणाऱ्यांत ते होते. ‘फेडआउट’ त्यांच्या खऱ्या नावाने निघाली.

कथेचा आरंभ साधा आहे. फॉक्स ओल्सन हा एका लहान गावातला लोकप्रिय रेडिओ कलाकार. वादळी पावसात त्याची मोटार पुलावरून खाली कोसळलेली सापडते, परंतु त्यात मृतदेह नसतो. मृतदेह नाही म्हणून कंपनी पैसे द्यायला तयार नाही, आणि डेव्ह गावात येऊन घरोघर प्रश्न विचारू लागतो. यापुढचे कथानक येथे सांगणार नाही. वाचताना दोन गोष्टींकडे मात्र मुद्दाम लक्ष द्यावे.

पहिली गोष्ट म्हणजे त्याचा पेशा. हॅन्सन यांनी नायकाला पोलीस केले नाही, किंवा भाड्याने मिळणारा खासगी गुप्तहेरही केले नाही, हा निर्णय मला फार विचारपूर्वक घेतलेला वाटतो. विमा तपासनिसाला अटक करण्याचा अधिकार नसतो. त्याला लोकांच्या बैठकीत बसून, त्यांचा चहा किंवा मद्य घेत, बोलते करावे लागते. त्याच्या हाती असते ती पॉलिसी, आणि पॉलिसीवर एक ओळ असते : पैसे कोणाला मिळायचे. आपल्याकडे ज्याला आपण नॉमिनी म्हणतो त्याच्याशी जवळीक सांगणारी ही ओळ. माणूस आयुष्यभर जे नाते कोणापुढे उच्चारत नाही ते या एका ओळीत लिहून ठेवू शकतो. बायको असताना एखाद्या ‘मित्रा’चे नाव का घातले, मुलाचे नाव अचानक का काढले, असे प्रश्न तपासनिसाला विचारावेच लागतात आणि त्यांतून लपलेले संसार उघड होतात. हा पेशा म्हणजे हॅन्सन यांच्या सर्व कादंबऱ्यांचे इंजिन आहे.

दुसरी गोष्ट म्हणजे डेव्हचा शोक. बायको गेलेल्या माणसाला सुतकाचे दिवस असतात, भेटायला येणारे असतात, कार्यालयातून रजा असते. डेव्हच्या दुःखाला जगात असे अधिकृत स्थान नाही. हॅन्सन यांनी त्यावर भाषण केलेले नाही. रिकाम्या घरातल्या वस्तू, अंगावर येणारी संध्याकाळ आणि कामात बुडून जाण्याची घाई एवढ्यावर त्यांनी भागवले आहे. त्यांची वाक्ये आखूड आहेत. घरे, झाडे, प्रकाश आणि हवा यांची वर्णने मात्र नेमकी व भरपूर आहेत. कॅलिफोर्नियातल्या वनस्पतींची नावे अडली तर थांबू नये, पुढे जावे. पुस्तक दोनशे पानांच्या आतबाहेरचे आहे; रोज दोन प्रकरणे वाचली तरी आठवडाभरात होते. एक मात्र खरे की बाबूराव अर्नाळकरांच्या झुंजारच्या वेगावर वाढलेल्या वाचकाला पहिली चाळीस पाने संथ वाटण्याचा संभव आहे. तेवढी पाने धीर धरावा.

तिसरी पायरी : मालिका क्रमाने वाचावी

झुंजारचे कोणतेही पुस्तक आधी वाचले तरी बिघडत नसे, कारण नायकाचे वय वाढत नव्हते. डेव्हचे वय वाढते. ‘फेडआउट’मध्ये तो चाळिशीत आहे आणि १९९१ सालच्या ‘अ कंट्री ऑफ ओल्ड मेन’ या बाराव्या व शेवटच्या कादंबरीत सत्तरीच्या उंबरठ्यावरचा थकलेला माणूस आहे. मधल्या एकवीस वर्षांत बाहेरचे जग बदलले, आणि प्रत्येक पुस्तकात ते थोडे थोडे आत शिरले. म्हणून क्रम मोडू नये. क्रम असा : ‘फेडआउट’, ‘डेथ क्लेम्स’, ‘ट्रबलमेकर’, ‘द मॅन एव्हरीबडी वॉज अफ्रेड ऑफ’, ‘स्किनफ्लिक’, ‘ग्रेव्हडिगर’, ‘नाइटवर्क’, ‘द लिटल डॉग लाफ्ड’, ‘अर्ली ग्रेव्ह्ज’, ‘ओबीडियन्स’, ‘द बॉय हू वॉज बरीड धिस मॉर्निंग’ आणि ‘अ कंट्री ऑफ ओल्ड मेन’.

बाराही वाचण्याइतका वेळ नसेल तर निदान पाच वाचावीत. पहिले ‘फेडआउट’. मग १९७५ सालचे ‘ट्रबलमेकर’, ज्यात एका गे बारच्या मालकाचा खून झालेला असतो आणि पोलिसांना आयता संशयित सापडलेला असतो. मग १९७९ सालचे ‘स्किनफ्लिक’, कारण तोवर डेव्हचे वडील वारलेले असतात, त्यांचीच असलेली कंपनी त्याच्या पाठीशी राहिलेली नसते आणि तो स्वतंत्रपणे काम करू लागलेला असतो. चौथे १९८७ सालचे ‘अर्ली ग्रेव्ह्ज’. एड्स झालेल्या तरुणांचे एकामागून एक खून होत असतात आणि त्यांपैकी एकाचा मृतदेह डेव्हच्याच दारात आणून टाकलेला असतो. ज्यांना तसेही फार दिवस उरलेले नाहीत त्यांना कोणी का मारावे, हा प्रश्न ज्या थंडपणे काही पात्रे विचारतात तो थंडपणा त्या वर्षांचा आहे, आणि हॅन्सन यांनी तो जसाच्या तसा टिपला आहे. पाचवे अर्थातच शेवटचे. डेव्हच्या आयुष्यात पुढे येणारा सेसिल हॅरिस हा कृष्णवर्णीय तरुण दूरचित्रवाणीच्या बातमीदारीत आहे. त्यांच्या नात्याचे चढउतार मात्र सर्व भाग क्रमाने वाचणाऱ्यालाच पूर्ण कळतात.

चौथी पायरी : वहीत तीन रकाने आखावेत

ही पायरी अनेकांना शाळकरी वाटेल, परंतु दुसऱ्या किंवा तिसऱ्या कादंबरीपासून ती अवश्य करून पाहावी. वहीच्या पानावर प्रत्येक पात्राचे नाव लिहून पुढे तीन रकाने आखावेत. पहिल्यात, या पात्राचे खरे आयुष्य कोणाकोणाला ठाऊक आहे. दुसऱ्यात, ते कोणापासून लपवलेले आहे. तिसऱ्यात, उघड झाले तर त्याचे काय जाईल : नोकरी, मुलांचा ताबा, वडिलांचे घर, सैन्यातले पद, की जीव.

मायकेल नावा यांच्या १९८८ सालच्या ‘गोल्डनबॉय’ या कादंबरीचे उदाहरण घेऊ. जिम पिअर्स या किशोरवयीन मुलावर आपल्या सहकाऱ्याच्या खुनाचा आरोप आहे, आणि हेतू म्हणून सांगितले जाते ते असे की तो सहकारी जिम समलिंगी असल्याचे त्याच्या घरी सांगण्याची धमकी देत होता. तीन रकाने भरले की ताबडतोब दिसते की दुसरा आणि तिसरा रकाना भरलेला आहे म्हणून पोलिसांनी खुनाचे कोडे सुटले असे मानले आहे. भीती हाच पुरावा, असा तो हिशेब आहे. मुलाला भीती होती हे खरे. पण त्या भीतीवरून त्याने खून केला असे निघते का? हा प्रश्न वाचकाच्या मनात मुलाच्या वकिलाच्या आधी उभा राहिला तर वहीचा उपयोग झाला. पुढे पुढे वहीची गरज उरत नाही.

पाचवी पायरी : आता मागे जावे

पाया भक्कम झाल्यावर जुनी पुस्तके हाती घ्यावीत. त्यांत मी सर्वांत वरचे स्थान ‘द हार्ट इन एक्झाइल’ला देईन. ही कादंबरी १९५३ साली लंडनमध्ये रॉडनी गारलंड या नावाने निघाली. ते मूळच्या हंगेरीच्या अ‍ॅडम दे हेगेदुश यांचे टोपणनाव होते. अँथनी पेज या मानसोपचारतज्ज्ञाकडे एक तरुणी येते. तिच्या वाग्दत्त वराने, ज्युलियन लक्लेअरने, आत्महत्या केली आहे आणि तिला कारण हवे आहे. ज्युलियन हा कधीकाळी आपलाच प्रियकर होता हे पेज तिला सांगू शकत नाही. त्यानंतर तो ज्या लंडनमध्ये चौकशी करत फिरतो ते नकाशावर नसलेले शहर आहे : ठरावीक मद्यगृहे, ठरावीक मेजवान्या, खुणेची भाषा, आणि सगळ्यांच्या मानगुटीवर बसलेली पोलिसांची व ब्लॅकमेलची भीती. यातल्या काही मतांनी आजचा वाचक अस्वस्थ होईल, विशेषतः समलैंगिकतेकडे आजार म्हणून पाहणाऱ्या वैद्यकीय भाषेने. ती भाषा त्या वर्षाची आहे. तिच्यामुळे पुस्तक बाजूला ठेवू नये.

१९६१ साली लू रँड यांची ‘द गे डिटेक्टिव्ह’ आली. फ्रान्सिस मॉर्ली हा तिचा शोधक. ही स्वस्त छपाईची, चटकदार, नाटकी कादंबरी आहे आणि इतिहास म्हणूनच वाचावी. जॉर्ज बॅक्स्ट यांची १९६६ सालची ‘अ क्वीअर काइंड ऑफ डेथ’ त्याहून कितीतरी सरस आहे. फेरो लव्ह हा न्यूयॉर्क पोलिसांतला कृष्णवर्णीय समलिंगी गुप्तहेर. समोरच्या कोणालाही ‘कॅट’ म्हणून संबोधणारा, छानछोकीचा, बुद्धिमान आणि भरवशाचा नसलेला. अमेरिकेत नागरी हक्कांचा लढा चालू असताना असा नायक उभा करणे हे मोठे धाडस होते. तरीही नव्या वाचकाने येथून सुरुवात करू नये असे मी म्हणतो, कारण या कादंबरीचा शेवट न्यायाच्या नेहमीच्या कल्पनेला धरून नाही, आणि या प्रकारातला गुप्तहेर असाच असतो असा चुकीचा ग्रह त्यामुळे होऊ शकतो.

याच टप्प्यावर एक आडवाट पाहून घेता येईल. ज्युलियन बार्न्स यांनी डॅन कॅव्हनॉ या टोपणनावाने १९८० ते १९८७ या काळात डफी या उभयलिंगी आकर्षण असलेल्या माजी पोलिसाच्या चार कादंबऱ्या लिहिल्या. लंडनच्या सोहो भागातला गलिच्छ धंदा आणि पोलिसांतली लाचखोरी त्यांत आहे. भाषा शिवराळ आहे.

सहावी पायरी : हौशी शोधकांची ओळख करून घ्यावी

शोधणे हा ज्यांचा पेशा नाही अशा शोधकांची शाखा हलकीफुलकी आहे. एका जड पुस्तकानंतर यांपैकी एखादे घेतले तर बरे वाटते. मार्क रिचर्ड झूब्रो यांचा टॉम मेसन शिकागोच्या उपनगरात शाळेत शिकवतो आणि त्याचा जोडीदार व्यावसायिक बेसबॉल खेळाडू आहे. १९८९ सालच्या ‘अ सिंपल सबर्बन मर्डर’मध्ये टॉमला वर्गातच सहकारी शिक्षकाचा मृतदेह सापडतो. ग्रँट मायकेल्स यांचा स्टॅन क्रेचिक बोस्टनमध्ये केशभूषाकार आहे. त्याच्या खुर्चीत बसलेले गिऱ्हाईक आपण होऊन सगळे सांगते, आणि याहून चांगली जागा शोधकाला मिळणे कठीण. जॉश लॅनियन यांचा एड्रियन इंग्लिश पुस्तकांचे दुकान चालवतो. २००० सालच्या ‘फेटल शॅडोज’पासून पुढे त्याची गाठ ज्या पोलीस अधिकाऱ्याशी पडते तो आपले समलिंगी असणे जगापासून लपवणारा आहे. यात प्रेमकथेला रहस्याइतकीच जागा आहे. ज्याला केवळ कोडे हवे त्याने ही मालिका उशिरा घ्यावी. ज्याला माणसे हवीत त्याने लगेच घ्यावी.

खासगी गुप्तहेरच हवा असेल तर रिचर्ड स्टीव्हन्सन यांचा डोनाल्ड स्ट्रेची घ्यावा. न्यूयॉर्क राज्याची राजधानी ऑल्बनी हे त्याचे गाव आणि १९८१ सालची ‘डेथ ट्रिक’ ही त्याची पहिली कादंबरी. स्ट्रेची आणि त्याचा जोडीदार टिमथी यांच्या घरातला संवाद या मालिकेचा खरा आनंद आहे. जॉन मॉर्गन विल्सन यांची १९९६ सालची ‘सिंपल जस्टिस’ मात्र काळोखी आहे. खोट्या बातमीमुळे पुलित्झर पारितोषिक परत करावे लागलेला पत्रकार बेंजामिन जस्टिस तिचा नायक आहे आणि रहस्यकथांना दिला जाणारा एडगर पुरस्कार, पहिल्या कादंबरीसाठीचा, तिला मिळाला.

समलिंगी स्त्री शोधकांची परंपरा याला समांतर आणि स्वतंत्र आहे. कॅथरीन फॉरेस्ट यांची लॉस एंजेलिस पोलिसांतली केट डेलाफील्ड १९८४ साली आणि वॅल मॅक्डर्मिड यांची पत्रकार लिंडसे गॉर्डन १९८७ साली अवतरली. त्यांच्यासाठी वेगळा लेखच लिहायला हवा. तुर्कस्तानात मेहमेत मुरात सोमेर यांनी इस्तंबूलमधला, रात्री स्त्रीवेषात नाइटक्लब चालवणारा आणि दिवसा संगणकाचे काम करणारा शोधक निर्माण केला. ‘द प्रॉफेट मर्डर्स’ आणि ‘द किस मर्डर’ ही त्या मालिकेतली पुस्तके इंग्रजीत आहेत.

सातवी पायरी : आजच्या लेखकाने लिहिलेला काल वाचावा

लेव्ह रोझेन यांची ‘लॅव्हेंडर हाउस’ २०२२ साली आली, परंतु कथा १९५२ सालच्या सॅन फ्रान्सिस्को परिसरात घडते. अँडी मिल्स हा पोलीस निरीक्षक एका गे बारवरच्या छाप्यात स्वतःच सापडतो आणि त्याच दिवशी त्याची नोकरी जाते. आयुष्य संपवण्याच्या विचारात असताना त्याला एक वृद्ध स्त्री भेटते. साबणाच्या मोठ्या कारखान्याची मालकीण वारली आहे आणि तिच्या मृत्यूचा तपास त्याने करावा, असे ती म्हणते. ज्या बंगल्यात तो जातो तेथे सर्वच जोडपी समलिंगी आहेत आणि फाटकाच्या आत कोणालाच लपावे लागत नाही. बाहेरच्या जगातला नियम आत उलटा झाल्यामुळे तपासाची रीतही उलटी होते, आणि म्हणूनच हे पुस्तक हॅन्सन वाचल्यानंतर घ्यावे. पुढच्या ‘द बेल इन द फॉग’मध्ये अँडी एका बारच्या वरच्या मजल्यावर स्वतःची कचेरी थाटतो आणि ब्लॅकमेलच्या छायाचित्रांच्या मागे लागतो. २०२४ सालच्या ‘रफ पेजेस’मध्ये टपालाने समलिंगी पुस्तके पाठवणाऱ्या दुकानाच्या ग्राहकांची यादीच गायब झालेली असते. त्या काळात अशी पुस्तके टपालाने पाठवणे हाच गुन्हा ठरू शकत होता. ‘वन’ या समलिंगी वाचकांच्या मासिकाने या प्रश्नावर अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात १९५८ साली खटला जिंकला. नावांची एक यादी चुकीच्या हाती पडली तर किती घरे उद्ध्वस्त होतील, या एका शंकेवर संपूर्ण कादंबरी ताणून धरलेली आहे.

आठवी पायरी : पुस्तके मिळवताना घ्यायची काळजी

हॅन्सन यांची बाराही पुस्तके २०२२ साली अमेरिकेत नव्याने निघाली असल्याने ती ई-पुस्तक म्हणून किंवा मागवून मिळवता येतात. ‘अ कंट्री ऑफ ओल्ड मेन’ शोधताना कॉर्मॅक मॅकार्थी यांची जवळपास त्याच नावाची, परंतु पूर्णपणे वेगळी कादंबरी आधी समोर येते. म्हणून लेखकाचे नाव घालून शोधावे. जुन्या पुस्तकांपैकी पुष्कळ लहान प्रकाशकांनी काढली होती आणि ते प्रकाशक आता राहिलेले नाहीत. अशी पुस्तके जुन्या बाजारात चढ्या भावाने विकली जातात. ती घेण्याआधी नवी आवृत्ती आली आहे का हे पाहून घ्यावे, कारण गेल्या काही वर्षांत विस्मृतीत गेलेली अशी बरीच पुस्तके पुन्हा छापली गेली आहेत. पुढे काय वाचावे हे ठरवण्यासाठी अमेरिकेत १९८९ पासून समलिंगी विषयांवरील साहित्याला दिल्या जाणाऱ्या लॅम्डा साहित्य पुरस्कारांच्या रहस्यकथा विभागाची वर्षवार यादी उपयोगी पडते.

आणखी एक गोष्ट सांगणे मला आवश्यक वाटते. असे पुस्तक घरात उघड्यावर ठेवणे आज कोणाला सोयीचे नसेल, तर ई-पुस्तक हा साधा मार्ग आहे. परंतु घरातील सर्वांचे खाते एकच असेल तर खरेदी केलेले पुस्तक इतरांच्या उपकरणावरही दिसते. स्वतःचे वेगळे खाते आधी उघडावे आणि मगच पुस्तक घ्यावे.

नववी पायरी : शेवटी हेन्री रिओस

मायकेल नावा यांच्या मालिकेला मी मुद्दाम शेवटी ठेवले आहे, कारण एवढी तयारी करून आलेल्या वाचकाला ती सर्वांत अधिक देते. नावा स्वतः वकील आहेत आणि मेक्सिकन वंशाच्या श्रमिक कुटुंबातून आलेले आहेत. त्यांचा हेन्री रिओसही तसाच : आरोपींची बाजू मांडणारा, मद्याच्या व्यसनाशी झगडणारा, आणि कायद्यावर विश्वास ठेवावा की नाही हे रोज नव्याने ठरवणारा. डेव्ह सुखवस्तू आहे, गोरा आहे, कंपनी त्याच्या वडिलांची आहे. रिओसजवळ यांपैकी काहीच नाही; तो ज्या न्यायालयात उभा राहतो तेथे त्याच्या रंगाचे लोक बहुधा आरोपीच्या पिंजऱ्यात असतात.

येथे क्रमाबाबत एक अडचण आहे आणि ती आधीच सोडवून घ्यावी. मालिकेची पहिली कादंबरी ‘द लिटल डेथ’ १९८६ साली निघाली आणि सातवी, ‘रॅग अँड बोन’, २००१ साली. त्यानंतर नावा यांनी पहिलीच गोष्ट पुन्हा नव्याने लिहिली आणि ती २०१६ साली ‘ले युवर स्लीपिंग हेड’ या नावाने आली. म्हणजे दोन नावांची दोन पुस्तके दिसली तरी कथेचा गाभा एकच आहे. नव्या वाचकाने नवी आवृत्तीच घ्यावी. ती अधिक खोल आहे. त्यानंतर २०१९ सालची ‘कार्व्ह्ड इन बोन’ आणि २०२१ सालची ‘लाइज विथ मॅन’ वाचून मगच ‘गोल्डनबॉय’कडे व पुढच्या जुन्या भागांकडे जावे, म्हणजे कथेतला काळ सरळ राहतो. ‘लाइज विथ मॅन’ १९८६ सालच्या लॉस एंजेलिसमध्ये घडते आणि एचआयव्ही बाधितांना वेगळे डांबून ठेवण्याच्या सार्वमताचा धागा तिच्यात आहे. कॅलिफोर्नियात त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये अशा अर्थाचा एक प्रस्ताव खरोखरच मतदानाला आला होता आणि मतदारांनी तो फेटाळला.

‘कार्व्ह्ड इन बोन’ मात्र घाई न करता वाचावी. साल १९८४, गाव सॅन फ्रान्सिस्को. रिओस नुकताच व्यसनातून बाहेर येत आहे, हाताला पुरेसे काम नाही, म्हणून तो एक तात्पुरती नोकरी पत्करतो. बिल रायन नावाचा माणूस गॅसगळतीने मरण पावला आहे, आयुर्विम्याचा दावा आलेला आहे आणि मृत्यू खरोखर अपघाती होता का हे तपासायला कंपनीला माणूस हवा आहे. रिओस फाइल हाती घेतो, पॉलिसी उघडतो आणि पैसे कोणाला मिळायचे त्या ओळीपाशी येतो.